रागाच्या वाट्याला चाळीस सेकंद

नाशिक : पहाटेचा गोदाघाट. पाण्यावर धुक्याचा पातळ पदर, रामकुंडाच्या पायरीवर एक पणती, मागे काळ्या दगडाचे देऊळ. आणि या सगळ्यावर बासरीचे आर्त सूर, बहुधा अहिरभैरवातले. नाशिकवर केलेल्या कोणत्याही अनुबोधपटाची सुरुवात आठवून पाहावी, हे दृश्य आणि हे सूर हमखास सापडतील. २०२६-२७ च्या सिंहस्थाच्या निमित्ताने देशविदेशांतले कॅमेरे पुन्हा गोदाकाठी येतील आणि त्यांच्याबरोबर ही बासरीही येईल. ती तेथे का येते, कोण आणतो आणि तिच्याऐवजी दुसरे काय असू शकले असते, हा प्रश्न मात्र फारसा कोणी विचारत नाही.

अनुबोधपट, माहितीपट, वृत्तचित्र या तिन्ही नावांनी ओळखल्या जाणाऱ्या चित्रप्रकाराचा दावा एकच असतो : दाखवतो आहोत ते खरे आहे. कथापटातले पात्र रडले की व्हायोलिन रडते, त्यात प्रेक्षकाची फसवणूक नसते. सारेच रचलेले आहे हे त्याला ठाऊक असते. अनुबोधपटात तसे नाही. नदी खरी, माणसे खरी, घटना खऱ्या. त्यांत केवळ संगीत बाहेरून आलेले असते. कॅमेऱ्याने न पाहिलेले काही तरी ते सांगू लागते. त्यामुळे अशा चित्रपटासाठी रागसंगीत रचणाऱ्यावर दोन जबाबदाऱ्या येतात. रागाशी प्रामाणिक राहायचे आणि घटनेशीही. दोन्ही एकाच वेळी साधणे किती अवघड, हे त्या कामाचे गणित पाहिल्याशिवाय कळत नाही.

गणित सेकंदांचे

मैफलीतला बडा ख्याल अर्धा-पाऊण तास सहज चालतो. अनुबोधपटातल्या एका प्रसंगाला संगीतासाठी बहुधा अर्धे मिनिट, फार तर एक-दीड मिनिट मिळते. विलंबित एकतालाच्या बारा मात्रा घेतल्या आणि एका मात्रेला चार सेकंद धरले, तर एक आवर्तन ४८ सेकंदांचे होते. म्हणजे ४० सेकंदांच्या दृश्यात विलंबित ख्यालाची सम एकदा येऊन गेली की दुसऱ्यांदा येतच नाही. तालाचे वर्तुळ पुरे होण्याआधी चित्र बदलून जाते. विलंबित लय वापरायचीच असेल, तर ठेका काढून टाकून नुसत्या आलापावर भिस्त ठेवावी लागते. अनुबोधपटांत आलाप इतका का ऐकू येतो, याचे निम्मे उत्तर येथे आहे. उरलेले निम्मे आळसाचे आहे.

द्रुत लयीत गणित वेगळे होते. मिनिटाला १२० मात्रांच्या लयीत त्रितालाचे एक आवर्तन आठ सेकंदांचे. समजा, पावसाळ्यातल्या गंगापूर धरणाचे दृश्य आहे आणि दृश्य सुरू झाल्यापासून ३७व्या सेकंदाला दरवाजा उघडून पाणी कोसळते. संगीतकाराला सम त्याच क्षणी हवी. चार आवर्तने ३२ सेकंदांत संपतात, पाचवे ४०व्या सेकंदाला. मग एक तर पहिले पाच सेकंद नुसता तानपुरा ठेवून ठेका उशिरा सुरू करायचा, किंवा लय थोडी उतरवून मिनिटाला सुमारे १०४ मात्रा करायच्या, म्हणजे चार आवर्तनांच्या ६४ मात्रा बरोबर ३७ सेकंदांत बसतात. शेवटी तिहाई घेतली की समेवर पाणी. फिल्मच्या जमान्यात हे मोजमाप फुटांत होई. ३५ मिलिमीटरची फिल्म सेकंदाला २४ चौकटींनी, म्हणजे मिनिटाला ९० फुटांनी धावते. तेव्हा हे ३७ सेकंद म्हणजे साडेपंचावन्न फूट. तबलजीला मात्रा सांगायच्या आणि संकलकाला फूट, अशी ही दुभाष्याची कामगिरी.

आणि तरीही प्रत्येक वेळी चित्रावर सम आणायचीच का, हा प्रश्न राहतोच. दरवाजा उघडला की तबला, हत्ती आला की मृदंग, असे दहा मिनिटे चालले की अनुबोधपटाचे कार्टून होते. जाणता संगीतकार चार जागा हेरून ठेवतो आणि त्यांपैकी तीन सोडून देतो.

रागाला थोडक्यात आटोपण्याची वेळ चित्रपटानेच प्रथम आणली असे नाही. ७८ फेऱ्यांच्या ध्वनिमुद्रिकेच्या एका बाजूला जेमतेम तीन-साडेतीन मिनिटे मिळत आणि त्या काळातल्या नामवंत गायकांनी त्यात राग उभा करून दाखवला. नाशिकला १९२१ साली जन्मलेले पं. द. वि. पलुस्कर हे त्यातले ठळक नाव. १९५२ च्या ‘बैजू बावरा’त उस्ताद अमीर खाँ यांच्यासमवेत त्यांनी गायलेली जुगलबंदीही काही मिनिटांचीच. थोडक्यात गाणे म्हणजे कापून गाणे नव्हे, हे या मंडळींनी आधीच शिकवून ठेवले होते. रागाचे चलन, त्याचा एखादा हमखास ओळखू येणारा स्वरसमूह आणि न्यासाची जागा एवढे पहिल्या दहा सेकंदांत मांडायचे. बाकीचा विस्तार ऐकणाऱ्याच्या कानात होऊ द्यायचा.

पलुस्करांचा शिष्य, सरकारी स्टुडिओत

नाशिक आणि अनुबोधपट यांचे नाते जुने आहे; फक्त त्यात सुरुवातीला आवाज नव्हता. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, भांडवल मिळवण्यासाठी म्हणून, वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेका चौकटीने टिपली होती. १९१३ मध्ये त्यांनी मुक्काम नाशिकला हलवला. त्यांच्या लघुपटांच्या यादीत तळेगावचा काच कारखाना आहे, नाशिक-त्र्यंबकचे देखावे आहेत आणि सिंहस्थ पर्वणीही आहे. या मूकपटांना संगीत असेल ते पडद्यासमोर बसलेल्या वादकांचे. फाळके यांनी स्वतः बोलपट केला तो १९३७ चा ‘गंगावतरण’, आणि त्याच्या संगीतासाठी निवड झाली ती विश्वनाथबुवा जाधव या ख्यालगायकाची.

पण अनुबोधपटाच्या संगीताच्या दृष्टीने नाशिकचा खरा धागा दुसराच आहे. पं. विष्णु दिगंबर पलुस्कर यांनी १९०१ मध्ये लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढले, १९०८ मध्ये मुंबईला आणले आणि पुढे मुंबईची इमारत कर्जापायी गेल्यावर नाशिकच्या रामनाम आधार आश्रमात ते राहिले. १९३१ मध्ये मिरजेला त्यांचे निधन झाले. त्यांच्या शिष्यांत विनायकराव पटवर्धन, नारायणराव व्यास, ओंकारनाथ ठाकूर ही नावे सर्वांना ठाऊक असतात. विष्णुदास शिराळी हे नाव मात्र क्वचितच निघते. शिराळी यांनी मैफलीचा रस्ता धरला नाही. नर्तक उदय शंकर यांच्या मंडळीत ते संगीत दिग्दर्शक झाले, युरोप-अमेरिकेत हिंडले, १९४८ च्या ‘कल्पना’ या चित्रपटाला त्यांनी संगीत दिले आणि त्यानंतर फिल्म्स डिव्हिजनमध्ये अनुबोधपटांच्या संगीताची जबाबदारी सांभाळली.

हा प्रवास योगायोगाचा वाटतो, तसा तो नाही. उदय शंकर यांचे नृत्याचे कार्यक्रम परदेशी प्रेक्षकांसाठी छोट्याछोट्या प्रवेशांत बांधलेले असत. काही मिनिटांत एक भाव, एक राग, निरनिराळ्या वाद्यांचा मेळ आणि नर्तकाच्या पावलाबरोबर संपणारे वाक्य हे सारे शिराळी तेथे करत होते. पडद्यावरच्या चित्रासाठी लागते ती नेमकी हीच तालीम. गुरूकडून रागाची शिस्त, रंगमंचावरून वेळेची शिस्त.

फिल्म्स डिव्हिजनची स्थापना १९४८ ची, मुंबईतली. पुढची कित्येक दशके देशभरातल्या चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी तिचे लघुपट दाखवले जात. धरणे, कापूस, कुटुंबनियोजन, लेणी, सर्कस, असा एकही विषय सुटला नाही. या लघुपटांची थट्टा पुष्कळ झाली आणि त्यातली बरीचशी योग्यही होती. मात्र ज्या प्रेक्षकाने आयुष्यात एकही मैफल ऐकली नाही, त्याच्या कानावर सरोद, सारंगी, रुद्रवीणा पहिल्यांदा पडली ती बहुधा येथेच, पंखे फिरत असताना आणि शेंगदाणे सोलले जात असताना.

या लघुपटांच्या संगीतावर एक अट अशी असे, की कथापटाच्या संगीतकाराला ती कधी जाचली नसेल. एकच चित्रपट हिंदी-इंग्रजीसह डझनभराहून अधिक भाषांत निघे. निवेदन बदले, चित्र आणि संगीत तेच राहे. इंग्रजीतले पाच शब्दांचे वाक्य मराठीत आठ शब्दांचे होई, तमिळमध्ये आणखी वेगळे. निवेदकाच्या वाक्यांमधल्या पोकळीत सुरावट बसवावी, तर ती पोकळी प्रत्येक भाषेत निराळ्या जागी. तेव्हा संगीत असे रचावे लागे, की निवेदन कोठेही पडले तरी चालावे आणि न पडले तरी रिकामे वाटू नये. रागाची सावकाश बढत या कामाला आश्चर्यकारकरीत्या सोयीची ठरते. तिच्यात गाण्यासारखे कडवे-धृपद नसते, त्यामुळे कोठून तरी मध्येच तुटल्यासारखे वाटत नाही.

याच संस्थेत विजय राघव राव होते. बासरीवादक, पं. रविशंकर यांचे शिष्य. चित्रकार म. फि. हुसेन यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी राजस्थानवर ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ हा लघुपट केला. त्यात निवेदन जवळजवळ नाहीच. छत्री, कंदील, बूट, गाय, मुली, किल्ले अशी चित्रे येतात आणि जातात; त्यांना बांधून ठेवायला कथा नाही, शब्द नाही. तो भार संगीताने उचलला आणि ते संगीत राव यांचे होते. १९६७ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात या लघुपटाला सुवर्ण अस्वल मिळाले. त्याच वर्षीच्या एस. एन. एस. शास्त्री यांच्या ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’चे संगीतही रावांचेच. सरकारी पगारावर काम करणाऱ्या संगीतकाराने अशी धाडसे करावीत, याचे श्रेय त्या काळच्या संस्थेलाही द्यावे लागेल.

पांढरी पाचची गुणगुण

बाहेरच्या माणसाला वाटते, की चित्र तयार झाले, त्याखाली राग पसरला, काम झाले. प्रत्यक्षात त्या ध्वनिपट्टीवर आधीपासून बरेच काही असते. निवेदक बोलत असतो, घाटावर घंटा वाजत असते, ध्वनिक्षेपकावर आरती चालू असते, सातपूर किंवा अंबडच्या एखाद्या कारखान्यात यंत्रे धडधडत असतात. संगीताला या गर्दीत जागा शोधायची असते.

वाद्याची निवड त्यावरून ठरते. सारंगी माणसाच्या कंठाच्या सर्वांत जवळची मानली जाते आणि नेमक्या त्याच कारणाने ती निवेदकाखाली ठेवता येत नाही. दोघे एकमेकांच्या पायांत पाय घालतात. संतूर, सतार यांसारख्या वाद्यांचा स्वर छेडल्यावर विरत जातो, त्या विरण्यात शब्दाला वाट मिळते. बासरीचे तसे नाही, पण ती निवेदकाच्या आवाजाच्या वरच्या पट्टीत राहू शकते. निर्मात्यांना ती आवडते त्यामागे हेही एक साधे कारण आहे.

षड्जाचे प्रकरण तर आणखी मौजेचे. आपल्याकडच्या विजेच्या प्रवाहाची वारंवारता ५० हर्ट्झ. ट्रान्सफॉर्मर आणि नळीचे दिवे त्याच्या दुप्पट, म्हणजे १०० हर्ट्झला गुणगुणतात आणि हा स्वर पेटीतल्या पांढरी पाचच्या अगदी लगत येतो. कारखान्यातल्या दृश्याखाली काळी चारचा तानपुरा लावला, तर दोन स्वर शेजारी शेजारी बसून एकमेकांना ओरबाडतात आणि प्रेक्षकाला कारण न कळता अस्वस्थ वाटते. अस्वस्थ वाटावे असाच प्रसंग असेल तर गोष्ट निराळी. नाही तर यंत्रालाच षड्ज मानून राग बांधावा.

फिल्मवर केलेले संगीत पुढे दूरदर्शनवर गेले, तेव्हा आणखी एक गंमत झाली. चित्रपटाच्या २४ चौकटी, आपल्याकडच्या टीव्हीच्या २५. दहा मिनिटांचा लघुपट टीव्हीवर नऊ मिनिटे ३६ सेकंदांत संपे आणि वेग वाढल्यामुळे षड्जही अर्ध्या स्वराहून थोडा कमी इतका वर चढे. घरात तानपुरा लावून बसलेल्या जाणकाराला तो कोणत्याच पट्टीत सापडत नसे.

दृश्य बदलताना राग बदलायचा, तर दोन रागांमधला सांधा दिसू न देण्याची एक जुनी युक्ती आहे, मूर्च्छनेची. भूप रागाचे पाच स्वर घ्यावेत आणि त्यातल्या गंधारालाच षड्ज मानावे. एकही स्वर न बदलता मालकंस उभा राहतो. पंचमाला षड्ज केले की दुर्गाचे स्वर मिळतात, धैवताला केले की धानीचे. वरची सुरावट तीच ठेवून खालचा तानपुरा तेवढा सरकवला, तर संध्याकाळच्या मोकळ्या अंगणातून मध्यरात्रीच्या गंभीर दालनात शिरल्यासारखे होते. प्रेक्षकाला यातले काही कळायची गरज नसते; त्याला फक्त प्रकाश बदलल्यासारखे वाटते.

मल्हार आणि पूर

खरी परीक्षा मात्र स्वरांची नसते, अर्थाची असते. नाशिककरांना गोदावरीचा पूर मोजायला आकडे लागत नाहीत. पाणी दुतोंड्या मारुतीच्या कमरेला लागले की छातीला, यावरून अंदाज घेतला जातो. २००८, २०१६ आणि २०१९ मध्ये या मोजमापाने शहराचा श्वास अडकवला होता. आता अशा पुरावर अनुबोधपट करायचा आहे. पाऊस म्हटला की मल्हार ही जोडी इतकी पक्की, की संगीतकाराचा हात आपोआप मियाँ मल्हाराकडे जातो. त्यातल्या दोन निषादांची घुमटदार हालचाल ऐकताच ढग दाटून येतात. पण मल्हार हा वाट पाहिलेल्या पावसाचा राग आहे. ज्याच्या दुकानातला माल गाळात गेला, त्याच्या चेहऱ्यावर तो वाजवला तर स्वर बरोबर असूनही अर्थ खोटा होतो. चित्र सांगते नुकसान झाले, संगीत सांगते ऋतू सुंदर आहे.

येथे संगीतकार काय करू शकतो? मारवा घेऊ शकतो. पंचम नाही, षड्जही हात राखून वापरायचा, त्यामुळे घरी परतल्याची खात्री मिळत नाही. आता मारवा सूर्यास्ताचा आणि चित्र भर दुपारचे, म्हणून शास्त्राचा आग्रह धरणारे नाराज होतील. पण रागाची वेळ ही मैफलीची शिस्त आहे. संकलकाच्या टेबलावर वेळ आधीच मोडून पडलेली असते, चार दिवसांचा पूर चार मिनिटांत येऊन जातो. त्यापेक्षा भावाचे खोटेपण अधिक गंभीर मानायला हवे.

किंवा तो काहीच न वाजवता पाण्याचा आवाज ऐकू देऊ शकतो. संगीतकाराने संगीत नको म्हणणे हे मोबदल्याच्या दृष्टीने परवडणारे नसते; तरीही चांगल्या अनुबोधपटांत असे क्षण सापडतात. सत्यजित राय यांनी दृष्टी गमावलेले चित्रकार विनोदबिहारी मुखर्जी यांच्यावर १९७२ मध्ये ‘द इनर आय’ केला. अखेरीस निखिल बॅनर्जी यांच्या सतारीवर आसावरी येते, आणि आधी हात आखडता घेतला असल्यामुळेच ती इतकी खोल लागते. आंधळ्या चित्रकाराच्या कहाणीला करुण सूर लावून प्रेक्षकाला रडवणे सोपे होते. रायांनी तो मोह टाळला.

मणी कौल यांनी तर प्रश्नच उलटा केला. १९८२ च्या ‘ध्रुपद’मध्ये संगीत चित्राच्या मागून येत नाही, चित्रच संगीताच्या मागून चालते. उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर आणि झिया फरिदुद्दीन डागर आलाप घेतात, कॅमेरा त्यांच्या लयीने हलतो. कौल स्वतः ध्रुपद शिकले होते आणि झिया मोहिउद्दीन यांचे वास्तव्य पनवेलजवळ पळस्प्याला होते, हे येथे सांगायला हवे. ही फिल्मही फिल्म्स डिव्हिजनचीच. चाळीस सेकंदांची सक्ती रागाच्या स्वभावात नाही, ती संकलनाच्या सवयीत आहे, एवढे तिने दाखवून दिले. अर्थात प्रत्येक पूरग्रस्ताची कहाणी ध्रुपदाच्या लयीत सांगता येणार नाही, हेही तितकेच खरे.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये १९६५ पासून पंधरा वर्षे भास्कर चंदावरकर संगीत शिकवत होते. तेही रविशंकरांचे शिष्य, ‘घाशीराम कोतवाल’ आणि ‘सामना’चे संगीतकार. चित्रपटात काय वाजवायचे याइतकेच कोठे वाजवायचे नाही हे दिग्दर्शकांच्या पिढ्यांना शिकवणारा मराठी माणूस म्हणून त्यांची आठवण ठेवावी लागते. २००९ मध्ये त्यांचे निधन झाले.

तयार तुकड्यांचा बाजार

फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. पगारी संगीतकार आणि वादकवृंद ही व्यवस्था त्याआधीच विरली होती. आज लहान निर्माता इंटरनेटवरच्या संग्रहातून तयार तुकडा विकत घेतो. ‘भारतीय’, ‘आध्यात्मिक’, ‘पहाट’ असे शोधले की सतारीचे, बासरीचे शेकडो तुकडे समोर येतात. एकदा पैसे भरले की कोठेही वापरा. निर्मात्याला दोष देणे सोपे आहे. पण त्याच्याकडे असलेल्या पैशांत एका बासरीवादकाचा एक दिवस आणि स्टुडिओचे भाडे निघत नसेल, तर तो दुसरे काय करणार?

अडचण अशी, की हे तुकडे पुनःपुन्हा फिरवता यावेत म्हणून बनवलेले असतात. रागाचा जीव बढतीत आहे, तो एका जागेवरून निघून दुसरीकडे पोहोचतो. फिरता तुकडा दर आठ-दहा सेकंदांनी निघाला तेथेच येतो. त्यातच कळफलकावर बनवलेल्या तुकड्यात भैरवाचा आंदोलित कोमल ऋषभ सरळ, ताठ लागतो. सामान्य प्रेक्षकाला हे कळत नाही असे म्हणतात. त्याला नाव सांगता येत नाही एवढेच. फुलाचा वास आणि उदबत्तीचा वास यांतला फरक त्यालाही कळतो. शिवाय तोच तुकडा उद्या एखाद्या बँकेच्या जाहिरातीत आणि परवा दुष्काळावरच्या माहितीपटात वाजू शकतो, आणि दोन्हीकडे त्याचा अर्थ सारखाच, म्हणजे शून्य, असतो.

कायद्याने संगीतकाराची बाजू २०१२ मध्ये थोडी सावरली. कॉपीराइट कायद्यातल्या त्या दुरुस्तीनुसार चित्रपटासाठी रचलेले संगीत चित्रपटगृहाबाहेर अन्य मार्गांनी वापरले गेले, तर रॉयल्टीतला वाटा मिळण्याचा हक्क संगीतकाराला सोडून देता येत नाही. करारात तसे लिहून घेतले तरी ते निरर्थक ठरते. वादक-गायकांनाही व्यावसायिक वापरातून रॉयल्टी मागता येते. अनुबोधपट आता मुख्यतः टीव्ही आणि इंटरनेटवरच पाहिले जात असल्याने ही तरतूद याच क्षेत्राला सर्वाधिक लागू पडते. पण बहुतेक व्यवहार दोन ओळींच्या पावतीवर होतात. त्यामुळे कोणत्या प्रसंगाला कोणते संगीत, किती सेकंद, कोणाचे, याचा तपशीलवार तक्ता चित्रपटाबरोबर तयार करून ठेवणे हे संगीतकाराच्या हिताचे पहिले काम ठरते. रॉयल्टीचा हिशेब या तक्त्यावरूनच होतो.

सिंहस्थावरच्या एखाद्या अनुबोधपटाचा असा तक्ता कधी समोर आला, तर त्यातली पहिली नोंद पाहावी. पहाटेच्या गोदाघाटासमोर संगीताच्या रकान्यात बासरी लिहिली आहे, की तो रकाना मोकळा ठेवून शेजारी ‘घाटावरचा आवाज’ एवढेच लिहिले आहे?